ट्रूस्डेल यांचे अखंडद्रव्ययामिकीवरील ग्रंथ व त्यांतील इतिहासदृष्टि

बखरकारानें लिहिलेला मजकूर आणि त्याच काळांतील अस्सल पत्र यांत विरोध आढळला तर पत्र प्रमाण मानावें, हा नियम या त्रैमासिकाच्या वाचकांस नव्यानें सांगावयास नको. परंतु हाच नियम गणित व पदार्थविज्ञान यांच्या इतिहासास लावून पाहण्याचा प्रसंग आपल्याकडे क्वचितच येतो. न्यूटनचे नियम, हूकचा नियम, यंगचा गुणांक हीं नांवें क्रमिक पुस्तकांत जशीं छापलेलीं असतात तशींच आपण घेतों. त्या नांवांमागें कोणता कागद आहे हें पाहण्याची गरज फारशी कोणास वाटत नाहीं. अमेरिकन गणिती क्लिफर्ड ट्रूस्डेल (१९१९–२०००) यांस ती वाटली; आणि ती केवळ इतिहासाच्या हौसेनें नव्हे, तर ज्या शास्त्रांत ते काम करीत होते त्याचाच पाया त्यांस ठिकठिकाणीं पोकळ दिसला म्हणून. त्यांचे ग्रंथ गणितानें भरलेले आहेत व त्यामुळें इतिहासाचे अभ्यासक त्यांच्या वाटेस जात नाहींत. उलट यंत्रशास्त्री ते वाचतात, पण त्यांतील इतिहास गाळून वाचतात. या दोन्ही वाचनांत ग्रंथांचें मर्म निसटतें, असें प्रस्तुत लेखकाचें मत असल्यामुळें हा परिचय लिहिला आहे.

चरित्र थोडक्यांत असें. ट्रूस्डेल यांचा जन्म १८ फेब्रुवारी १९१९ रोजीं लॉस एंजेलिस येथें झाला. शालेय शिक्षण संपल्यावर दोन वर्षें ते युरोपांत राहिले व तेथें त्यांनीं भाषांचा अभ्यास केला. पुढें लॅटिन, फ्रेंच, जर्मन व इटालियन लेख मुळांतून वाचण्याचें जें सामर्थ्य त्यांच्या ग्रंथांत पदोपदीं दिसतें, त्याचें बीज येथें आहे. कॅलिफोर्नियांतील तंत्रविद्यालयाची पदवी, १९४३ सालीं प्रिन्स्टन येथील डॉक्टरेट, युद्धकाळांत रडारच्या प्रयोगशाळेंत व नंतर अमेरिकन आरमाराच्या संशोधनसंस्थांत नोकरी, १९५० पासून इंडियाना विद्यापीठांत व १९६१ पासून बाल्टिमोर येथील जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठांत अध्यापन, असा त्यांचा क्रम आहे. ते पिसाच्या लेखणीनें लिहीत असत ही गोष्ट त्यांच्याविषयीं लिहिणारे आवर्जून सांगतात. ग्रंथ समजण्यास तिचा उपयोग नसल्यामुळें ती येथेंच सोडून देतों.

आतां शास्त्राचें स्वरूप. लोखंडाची तुळई, रबराची पट्टी, काकवी, पाणी, हवा हे सर्व पदार्थ अणूंचे बनलेले आहेत हें आज कोणी नाकारीत नाहीं. तथापि तुळई किती वांकेल हें काढतांना अणु मोजीत बसणें अशक्य आहे व अनावश्यकही आहे. म्हणून पदार्थ सलग व अखंड आहे, त्यांत कोठेंही पोकळी नाहीं, असें मानून त्याच्या प्रत्येक बिंदूस घनता, वेग व ताण हीं परिमाणें चिकटवितात. या शास्त्रास येथें अखंडद्रव्ययामिकी म्हटलें आहे. याचे तीन भाग पडतात. पहिला निव्वळ भूमितीचा: पदार्थाचा आकार बदलतांना त्यांतील प्रत्येक सूक्ष्म रेषा किती लांबते व किती वळते. दुसरा भाग सर्व पदार्थांस सारख्याच लागू असणाऱ्या नियमांचा: वस्तुमान टिकतें, बलामुळें संवेग बदलतो, बलाच्या पिळामुळें फिरण्याचा संवेग बदलतो. तिसरा भाग प्रत्येक पदार्थाच्या स्वभावाचा. पोलाद आणि मध या दोघांस पहिले दोन भाग एकच आहेत. त्यांतील भेद सारा तिसऱ्या भागांत.

यांतील ताणाची कल्पना थोडी सविस्तर सांगणें जरूर आहे, कारण पुढील सर्व वाद तीवर उभा आहे. पदार्थाच्या पोटांत मनानेंच एक सपाट काप घ्यावा. कापाच्या एका बाजूचें द्रव्य दुसऱ्या बाजूच्या द्रव्यास जेवढ्या जोरानें ओढतें, ढकलतें अथवा बाजूस सरकवूं पाहतें, तेवढा जोर क्षेत्रफळानें भागला म्हणजे त्या कापावरील ताण निघतो. स्थिर पाण्यांत हा ताण नेहमीं कापाशीं काटकोनांत असतो, म्हणून त्यास आपण नुसता दाब म्हणतों. घनपदार्थांत तो तिरपा असूं शकतो, आणि काप फिरविला कीं तोही बदलतो. मग एकाच बिंदूंतून जाणाऱ्या अगणित कापांवरील अगणित ताणांचा हिशेब कसा ठेवावा? कोशी या फ्रेंच गणित्यानें १८२२ सालीं याचें उत्तर दिलें (तें संक्षेपानें १८२३ मध्यें व सविस्तर १८२७ मध्यें छापलें गेलें): परस्परांशीं काटकोनांत असलेल्या तीन कापांवरील ताण ठाऊक असले कीं त्या बिंदूंतील कोणत्याही कापावरील ताण त्यांवरून निघतो. म्हणजे नऊ आंकडे पुरे, आणि पिळाचा नियम लावला कीं त्यांतील सहाच स्वतंत्र उरतात. धरणाच्या भिंतीपासून विमानाच्या पंखापर्यंत आज जे हिशेब होतात ते या एका सिद्धांतावर चालतात.

कोशीनंतर मात्र एक विचित्र गोष्ट घडली. आकारांतील बदल फार लहान आहेत असें मानलें म्हणजे समीकरणें सरळ होतात. ओझें दुप्पट केलें कीं वांक दुप्पट येतो. पूल, रूळ, बॉयलर यांच्या कामास एवढें पुरत असल्यामुळें एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत हेंच शास्त्राचें सर्वस्व होऊन बसलें. कोशी, ग्रीन, किर्खोफ यांनीं मोठ्या बदलांविषयीं जें लिहिलें होतें तें ग्रंथालयांत पडून राहिलें. पुढें रबराचा व्यापार वाढला, कृत्रिम धागे आले, तेव्हां सरळ समीकरणें अपुरीं पडूं लागलीं. इंग्रज शास्त्रज्ञ पॉइंटिंग यानें १९०९ सालींच दाखविलें होतें कीं तार पिळली असतां ती किंचित् लांबते. सरळ सिद्धांताप्रमाणें ती लांबावयास नको. १९४७ सालीं वायसेनबर्ग यानें असे द्राव दाखविले कीं ज्यांत दांडी फिरविली असतां द्राव कडेस न जातां दांडीवरच चढतो. पाण्याच्या समीकरणांत याची सोय नाहीं.

या स्थितींत ट्रूस्डेल यांनीं १९५२ सालीं आपला पहिला मोठा प्रबंध छापला. स्थितिस्थापकता व द्रवगतिशास्त्र यांचे यामिकीय पाये हा त्याचा विषय. त्यासाठीं त्यांनीं जुने अंक व संग्रह चाळून मोठ्या बदलांविषयीं कोणीं केव्हां काय लिहिलें होतें तें शोधून एकत्र मांडलें. सरकारी दप्तरांत शिरून साधनें गोळा करणाऱ्या मनुष्यास या श्रमाचें स्वरूप चटकन् कळेल. एकच विकृति मोजण्याचीं निरनिराळीं मापें निरनिराळ्या लेखकांनीं घेतलेलीं होतीं, आणि जो तो आपल्या मापास निसर्गाचें माप समजत होता. आपल्या देशांतील भोज राज सेठ यांचा १९३५ सालचा मोठ्या विकृतींवरील निबंध याच मालिकेंत येतो. त्यांत मोठ्या विकृतीचें एक माप घेऊन ताण त्याच्या सरळ प्रमाणांत धरला होता. ट्रूस्डेल यांचें म्हणणें असें कीं माप कोणतेंही घ्या, पदार्थाचा नियम पुरेसा व्यापक लिहिला तर सर्व मापें सारखींच. परंतु सरळ प्रमाण एका मापांत गृहीत धरलें कीं दुसऱ्या मापांत तें टिकत नाहीं, म्हणून तें गृहीत धरण्यास स्वतंत्र आधार हवा. गोष्ट साधी आहे, पण ती जुने निबंध शेजारीं शेजारीं ठेवल्यावांचून दिसली नसती.

इतिहासाच्या वाचनानें शास्त्रास प्रत्यक्ष नवी वाट मिळाल्याचें याहून ठळक उदाहरण कोस्सेरा बंधूंचें आहे. या दोघां फ्रेंच भावांनीं १९०९ सालीं आकार बदलणाऱ्या पदार्थांवर एक ग्रंथ लिहिला. त्यांत पदार्थाच्या प्रत्येक बिंदूस स्थानाबरोबर स्वतःची एक दिशाही असते, व ती स्वतंत्रपणें फिरूं शकते, अशी कल्पना होती. ग्रंथ जवळजवळ विसरला गेला. १९५८ सालीं जेरल्ड एरिक्सन व ट्रूस्डेल यांनीं सळ्या व पातळ कवचें यांचा अचूक सिद्धांत रचतांना तीच कल्पना पुन्हां उभी केली. आणि पुढें याच एरिक्सन यांनीं व लेस्ली यांनीं द्रवस्फटिकांचा सिद्धांत अशाच दिशायुक्त द्रव्याच्या कल्पनेवर बसविला. घड्याळांच्या व यंत्रांच्या पडद्यांत जे द्रवस्फटिक आले, त्यांच्या गतीचा हिशेब या सिद्धांतानें करितात. धूळ खात पडलेलें पुस्तक अर्ध्या शतकानंतर उपयोगीं पडल्याचीं उदाहरणें विज्ञानांत फार नाहींत.

ट्रूस्डेल यांचे दोन मुख्य ग्रंथ फ्लूगे यांनीं संपादिलेल्या पदार्थविज्ञानाच्या जर्मन महाकोशांत, परंतु इंग्रजींत, प्रसिद्ध झाले. पहिला, अभिजात क्षेत्रसिद्धांतांवरील, १९६० सालीं. सहलेखक रिचर्ड टूपिन, व परिशिष्ट एरिक्सन यांचें. दुसरा, यामिकीच्या असरळ क्षेत्रसिद्धांतांवरील, १९६५ सालीं. सहलेखक वॉल्टर नॉल. पहिल्या ग्रंथांत वर सांगितलेले दोन भाग, म्हणजे भूमिति व सर्वसामान्य नियम. दुसऱ्यांत पदार्थांचे स्वभाव. दोन्हींचें बाह्य रूप पाहतांच इतिहासाचा विद्यार्थी ओळख पटल्याप्रमाणें थांबतो. जवळजवळ प्रत्येक सिद्धांताखालीं टीप आहे: हा प्रथम कोणीं, कोणत्या सालीं, किती अंशानें सिद्ध केला, कोणीं तो पुन्हां शोधला, कोणाची सिद्धता सदोष आहे. शास्त्रीय कोशांत असा काटेकोर ऋणनिर्देश विरळा.

दुसऱ्या ग्रंथाचा कणा नॉल यांचा आहे हें स्पष्ट म्हटलें पाहिजे. नॉल (१९२५–२०१७) हे बर्लिनचे. १९५४ सालीं त्यांनीं इंडियाना येथें ट्रूस्डेल यांच्या हाताखालीं डॉक्टरेट घेतली. पदार्थाचा स्वभाव सांगणारा कोणताही नियम कांहीं अटी पाळील तरच विचारांत घ्यावा, अशी त्यांची मांडणी. आजचा ताण भूतकाळानें ठरावा, भविष्यानें नव्हे. एका बिंदूंतील ताण त्याच्या निकटच्या द्रव्यानें ठरावा. आणि पदार्थाचा नियम पाहणाऱ्यावर अवलंबून नसावा. या तिसऱ्या अटीचें उदाहरण: जत्रेंतील फिरत्या पाळण्यांत बसून कोणी तणाव्याच्या कांट्यावर वजन टांगलें, व दुसरा जमिनीवर उभा राहून तेंच पाहत असला, तर गतीचा हिशेब दोघांचा वेगळा होईल, पण तणावा इतका लांबला म्हणजे त्यांत इतकें बल आहे, हा संबंध दोघांसही एकच दिसला पाहिजे. इतक्या साध्या वाटणाऱ्या अटींनीं शेंकडों कल्पित नियम बाद होतात.

या ग्रंथाचें सामर्थ्य दाखविणारा एक निष्कर्ष येथें देतों. तो मूळचा रोनाल्ड रिव्हलिन यांच्या, १९४० नंतरच्या दशकांतील रबरावरील कामांतून आलेला आहे. रबराची वडी खालीं चिकटवून तिचा वरचा पृष्ठभाग बाजूस सरकविला, तर नुसतें बाजूचें बल पुरत नाहीं. वडीचा आकार ठेवण्यास तिच्या बाजूंवर लंब ताणही लावावे लागतात, आणि सरकण्याच्या दिशेंतील व उभ्या दिशेंतील लंब ताणांमधील फरक हा सरकण्याचें प्रमाण गुणिलें सरकविणारा ताण एवढाच असतो. रबर कोणत्याही जातीचें असो, मऊ असो कीं कठीण, सर्व दिशांनीं एकसारखें व स्थितिस्थापक असलें म्हणजे झालें. हा संबंध बदलत नाहीं. सरकणें उंचीच्या शंभराव्या भागाइतकें असलें तर फरकही सरकविणाऱ्या ताणाच्या शंभराव्या भागाइतका, म्हणजे दुर्लक्ष होण्याजोगा. निम्म्याइतकें असलें तर निम्मा. सरळ सिद्धांतास ही गोष्ट इतकीं वर्षें का दिसली नाहीं, हें या आंकड्यांवरूनच उघड होतें.

आतां निखळ इतिहासाच्या ग्रंथांकडे वळूं. स्वित्झर्लंडांत निघत असलेल्या ऑयलरच्या समग्र ग्रंथावलींतील द्रवगति व स्थितिस्थापकता यांच्या खंडांस ट्रूस्डेल यांनीं १९५४ ते १९६० या काळांत प्रस्तावना लिहिल्या. त्यांतील शेवटची, लवचिक व स्थितिस्थापक पदार्थांच्या यामिकीचा १६३८ ते १७८८ पर्यंतचा इतिहास, हा चारशें पानांहून मोठा स्वतंत्र ग्रंथच आहे. तत्पूर्वीं या विषयावर टॉडहंटर व पिअर्सन यांचा १८८६ ते १८९३ या काळांत निघालेला इतिहास प्रमाण मानीत. पण तो बव्हंशीं एकामागून एक निबंधांचा गोषवारा आहे. ट्रूस्डेल यांनीं निबंधांबरोबर बर्नुली कुटुंब व ऑयलर यांचा पत्रव्यवहारही वाचला, आणि त्यामुळें एखादी कल्पना छापली केव्हां गेली एवढेंच नव्हे, तर सुचली केव्हां व कोणास, हें त्यांस सांगतां आलें. वांकलेल्या पट्टीच्या आकारांविषयीं ऑयलरनें १७४४ सालीं जें प्रसिद्ध केलें, त्याची किल्ली डॅनियल बर्नुलीनें १७४२ सालीं पत्रानें कळविली होती.

ग्रंथाचा आरंभ १६३८ च्या गॅलिलिओच्या संवादांपासून होतो. भिंतींत रोवलेली तुळई मोडण्यास किती ओझें लागेल, हा त्याचा प्रश्न. त्यानें असें धरलें कीं मोडतांना तुळईचे सर्व तंतु सारखेच ताणले जातात व ती खालच्या कडेवर बिजागरीसारखी फिरते. परिणामीं त्याच्या हिशेबानें येणारी ताकद पुढील स्थितिस्थापक सिद्धांतानें येणाऱ्या ताकदीच्या तिप्पट भरते. वरचे तंतु ताणले जातात, खालचे दाबले जातात, व मध्यें कोठें तरी न ताणलेला थर असतो, हें नीट बसविण्यास पाऊण शतक लागलें. पॅरिसच्या पारां यानें तें १७१३ सालीं केलें, आणि त्याच्याकडे कोणीं लक्ष दिलें नाहीं.

नांवांची उलथापालथ येथें सुरू होते. यंगचा गुणांक म्हणून जो अंक प्रत्येक अभियंता वापरतो, तो थॉमस यंगच्या १८०७ च्या व्याख्यानग्रंथावरून ओळखला जातो. परंतु ती कल्पना ऑयलरच्या १७२७ च्या एका तरुणपणच्या निबंधांत आहे, जो १८६२ पर्यंत छापलाच गेला नव्हता. आणि जोर्दानो रिक्काती यानें १७८२ सालीं पोलाद व पितळ यांच्यावर प्रयोग करून त्या अर्थाचे आंकडे काढले होते. बल म्हणजे वस्तुमान गुणिलें त्वरण, हें न्यूटनच्या १६८७ च्या ग्रंथांत शब्दांत आहे असें म्हणतां येईल. पण तें तीन काटकोनी दिशांत मांडून, पदार्थाच्या प्रत्येक कणास लावून, सर्व यामिकीचें एकमेव मूळ तत्त्व म्हणून पुढें करणारा लेख ऑयलरचा आहे. तो १७५० सालीं बर्लिनच्या अकादमीपुढें वाचला गेला व १७५२ सालीं छापला गेला. ग्रहगतीच्या एका लेखांत तींच समीकरणें त्यानें थोडीं आधीं वापरलीं होतीं. पण सर्व पदार्थांस एकच तत्त्व, हा दावा या लेखांतला. पुढें पंचवीस वर्षांनीं, १७७५ च्या निबंधांत, त्यानें पिळाचा नियम स्वतंत्र तत्त्व म्हणून संवेगाच्या नियमाशेजारीं ठेवला. क्रमिक पुस्तकें हा दुसरा नियम पहिल्यांतूनच काढून दाखवितात. त्यासाठीं कणाकणांतील बलें त्यांस जोडणाऱ्या रेषेंतच असतात असें गृहीत धरावें लागतें, आणि अखंड पदार्थांत या गृहीतास आधार नाहीं. म्हणजे कोशीचे नऊ आंकडे सहावर आणणारा नियम कोठून आला, या इतिहासाच्या प्रश्नाचें उत्तर शास्त्राच्या पायाशीं जाऊन भिडतें.

मग ही सारी हकीकत मोडली कशी? ट्रूस्डेल यांचें उत्तर आपल्या वाचकांस ओळखीचें वाटेल. लाग्रांज यानें १७८८ च्या आपल्या ग्रंथांत ठिकठिकाणीं पूर्वेतिहास लिहिला. तो मोठा गणिती, त्यामुळें त्याचा शब्द प्रमाण झाला. पुढील इतिहासकारांनीं, एर्न्स्ट माखच्या १८८३ च्या प्रसिद्ध ग्रंथासह, मूळ निबंध न उघडतां त्याच हकीकतीवर इमारत रचली. थोडक्यांत, एक बखर, आणि तिच्यावरून उतरविलेल्या बखरी.

ट्रूस्डेल यांच्या ग्रंथांवर आक्षेपही पुष्कळ घेतले गेले व त्यांतील कांहीं खरे आहेत. ते भूतकाळाचें वाचन आजच्या समीकरणांच्या उजेडांत करितात. जुना निबंध आजच्या चिन्हांत लिहून काढला कीं तो समजतो खरा, पण त्या लेखकास जें धूसर दिसत होतें तें आपणांस स्वच्छ दिसूं लागतें, आणि धूसरपणा हाच इतिहास असेल तर तो नाहींसा होतो. शिवाय ते गुण देतात: ऑयलर त्यांचा नायक, दालांबेर त्यांच्या रागाचा धनी. कारागीर व अभियंते यांचें हातचें ज्ञान त्यांच्या हिशेबांत जवळजवळ येत नाहीं. शास्त्रज्ञांपैकीं रिव्हलिन यांनीं, ज्यांच्या कामावर असरळ सिद्धांताचा मोठा भाग उभा आहे, नॉल व ट्रूस्डेल यांच्या तत्त्वप्रधान मांडणीवर १९७० च्या सुमारास कडक टीका केली. पदार्थ प्रयोगांत पाहावयाचा कीं अटी घालून त्याला बांधावयाचा, हा त्या वादाचा गाभा होता. आमच्या मतें या वादांत रिव्हलिन यांची तक्रार अगदींच निराधार नव्हती. नॉल यांच्या अटींना निसर्गनियमांचा दर्जा देण्याची घाई ग्रंथांत कोठें कोठें दिसते. पण साधनें तपासल्याविना श्रेय वांटूं नये, हा जो दंडक ट्रूस्डेल यांनीं घालून दिला, त्यास या आक्षेपांनीं धक्का लागत नाहीं. त्यांच्याच टिपांवरून त्यांचीं मतें खोडून काढतां येतात, ही त्या ग्रंथांची मोठी सोय आहे.

इतर ग्रंथांचा नुसता निर्देश करितों. यामिकीच्या इतिहासावरील निबंधसंग्रह १९६८ चा. सामान्य वाचकानें आरंभ करावा तो यापासून. उष्मागतिशास्त्रावर १९६९ चें एक तात्त्विक पुस्तक, व १८२२ ते १८५४ या काळांतील त्या शास्त्राचा इतिहास १९८० सालचा. त्याच्या नांवांतच ट्रूस्डेल यांनीं त्यास करुणहास्य म्हटलें आहे, व कार्नो, क्लाउसिउस प्रभृतींच्या तर्कांतील खळगे त्यांत निर्दयपणें दाखविले आहेत. तत्पूर्वीं १९७७ सालीं, भरत या सहलेखकासह, कार्नोच्याच पायावर उष्णतायंत्रांचा सिद्धांत नव्यानें व निर्दोष रचण्याचा प्रयत्न त्यांनीं केला होता. दोन्ही पुस्तकें बरोबर वाचावींत. नियतकालिकेंही त्यांनीं काढलीं: तर्कशुद्ध यामिकीचें १९५७ सालीं व गणिती शास्त्रांच्या इतिहासाचें १९६० सालीं. दोन्हींचे अंक आजही निघतात.

ट्रूस्डेल १४ जानेवारी २००० रोजीं बाल्टिमोर येथें वारले. त्याच वर्षीं, के. आर. राजगोपाल यांच्यासह लिहिलेलें द्रवयामिकीचें प्रवेशपुस्तक बाहेर आलें. नॉल यांच्यासह लिहिलेल्या १९६५ च्या ग्रंथाची तिसरी आवृत्ति स्टुअर्ट अँटमन यांनीं २००४ सालीं संपादिली. ऑयलरच्या ग्रंथावलींतील १९६० चा खंड मात्र मोठ्या ग्रंथालयांतच पाहावयास मिळतो. ज्यांस तो मिळेल त्यांनीं पारां व रिक्काती यांच्यावरील पानें आधीं उघडावींत, कारण तीं पानें समजण्यास गणित जवळजवळ लागत नाहीं.